गालिचा उचला, मग बोलू

एका वाचक ताईंचं पत्र आलंय. थोडक्यात असं:

"माझं वय 46. कॉलेजात असताना स्कूटर स्वतः खोलायचे आणि जोडायचे. आता गणित शिकवते. दोन महिन्यांपूर्वी ओळखीतल्या एकांच्या शेडमध्ये जुनी फोक्सवॅगन मिनीबस बघितली. खाली केशरी, वर पांढरी. तेव्हापासून डोक्यातून जात नाही. विकणारे गृहस्थ सांगतात की ती 1969 ची आहे, इंजिन नुकतंच बांधलंय आणि 'किरकोळ काम' तेवढं राहिलंय. रंग नवा आहे, आत नवा गालिचा आहे. चासी नंबर 223 ने सुरू होतो. पुढचे इंडिकेटर वर, हवेच्या जाळीच्या दोन बाजूंना आहेत. दुसरं गिऱ्हाईक तयार आहे, म्हणून आठवडाभरात इसार द्या म्हणतात. माझे यजमान म्हणाले, 'घे, पण मला त्यात ओढू नकोस.' घरामागे मोकळी जागा आहे, छप्पर नाही. घेऊ का? घेतली तर सुरुवात कुठून करू? इंजिन, रंग की सीटा? आणि ती रस्त्यावर कधी येईल?"

ताई, सप्रेम नमस्कार.

इसार देऊ नका. निदान या आठवड्यात तरी नाही. 'दुसरं गिऱ्हाईक तयार आहे' हे वाक्य जुन्या गाडीबरोबर फुकट मिळतं, स्टेपनीसारखं. पन्नास वर्षं टिकलेली गाडी आणखी दोन रविवार टिकेल.

आधी तुमच्या नंबराचं बघू, कारण तुम्ही गणिताच्या बाई आहात आणि उत्तर तुम्हीच लिहून पाठवलंय. या गाडीचं कारखान्यातलं नाव टाइप 2. चासी नंबरातला पहिला 2 त्याचा. दुसरा आकडा प्रकार सांगतो: 21 म्हणजे बंद डब्याची माल नेणारी, 22 म्हणजे सीटांची मायक्रोबस, 23 म्हणजे कॉम्बी, माणसं आणि माल दोन्हींसाठीची. आणि 1965 च्या मॉडेलपासून तिसरा आकडा म्हणजे मॉडेल वर्षाचा शेवटचा अंक. म्हणजे 223 ही 1973 च्या मॉडेलची मायक्रोबस झाली. कारखान्याचं मॉडेल वर्ष आदल्या ऑगस्टात सुरू व्हायचं, तेव्हा ती ऑगस्ट 1972 ते जुलै 1973 या काळात बाहेर पडलेली असणार. 1969 ची मायक्रोबस असती तर नंबर 229 ने सुरू झाला असता. (229 हा 1979 चाही असतो, पण 1969 चा नंबर नऊ आकडी आणि 1970 पासूनचा दहा आकडी. तुमच्या गाडीचे आकडे मोजा, दहा भरतील.) इंडिकेटरही हेच सांगतायत. 1972 च्या मॉडेलपर्यंत ते खाली, बंपरच्या जवळ असत. 1973 च्या मॉडेलला ते वर जाळीशेजारी गेले.

मग गृहस्थ खोटं बोलले का? असेलही, नसेलही. जुन्या गाडीचं वय बहुतेक वेळा ऐकीव असतं. आधीच्या मालकानं सांगितलेलं पुढच्याला सांगायचं, एवढंच. पण एक गोष्ट ऐकीव चालणार नाही, ती म्हणजे कागद. कागदावरचा नंबर आणि गाडीवर ठोकलेला नंबर एकेक आकडा बोट ठेवून जुळवा. ठोकलेला नंबर मागे इंजिनाच्या खणात, उजव्या बाजूच्या पत्र्यावर सापडेल. त्याच्या चारी बाजूंनी वेल्डिंगची रेघ किंवा घासकाम दिसतंय का, ते बॅटरी मारून बघा. कागद 1969 चे आणि पत्रा 1973 चा असं निघालं, तर ते कागद दुसऱ्याच बसचे असू शकतात. तसं असेल तर चहा घ्या, आभार माना आणि घरी या. नोंदणी कार्यालयात हा गुंता सोडवण्यात जितकी वर्षं जातात तितक्यात दुसरी गाडी उभी राहते.

कागद जुळले तर मात्र हे वय तुमच्या पथ्यावर पडलंय. 1969 च्या बसला चारी चाकांना ड्रम ब्रेक असत. पुढे डिस्क आल्या त्या 1971 च्या मॉडेलपासून. संग्राहक जुन्या सालाच्या मागे धावतात, दोन भागांच्या काचेच्या, 1967 पर्यंतच्या बससाठी तर वेडे होतात; त्यांना धावू द्या. तुम्हाला चालवायची आहे ना? मग 1973 बरी. फक्त भाव 1969 चा देऊ नका.

अजून एक बारकं काम. पुढच्या सीटच्या मागच्या भागात पत्र्याची एक छोटी पट्टी असते, तिला एम-प्लेट म्हणतात. नुसते आकडे दिसतील. त्यांत मूळ रंग, कारखान्यातून बसवलेल्या जास्तीच्या गोष्टी, गाडी कुठल्या देशाला पाठवली आणि कधी बनली, हे सगळं सांकेतिक आकड्यांत असतं. फोटो काढून आणा. केशरी रंग तिचा स्वतःचा की कुणाची हौस, तेही कळेल.

आता मुद्द्याचं. तुम्ही विचारलंत, इंजिन, रंग की सीटा? तिन्ही नाही. पत्रा.

इंजिन विकत मिळतं. गिअरबॉक्स मिळतो, कार्बोरेटर मिळतो, काचेची रबरं, दाराच्या कड्या, अगदी डॅशबोर्डवरची बटणंसुद्धा नवी मिळतात, कारण ही बस जगभर लाखोंनी खपली आणि ब्राझीलमध्ये तर डिसेंबर 2013 पर्यंत बनत होती. (तिथे 2014 पासून नव्या गाडीला एअरबॅग आणि एबीएस सक्तीचे झाले आणि म्हातारीला ते झेपेना, म्हणून थांबली.) पत्र्याचे तुकडेही मिळतात, पण ते बसवणारा हात विकत मिळत नाही; मिळाला तर गाडीपेक्षा महाग पडतो. या बसला ट्रकसारखी वेगळी शिडी आणि वर ठेवलेली बॉडी असा प्रकार नाही. खालचे लांब दांडे, आडव्या पट्ट्या, फरशी आणि दारांखालचे उंबरठे, सगळं एकमेकांना जोडलेलं आणि सगळं मिळूनच भार उचलतं. उंबरठा गंजला म्हणजे दिसायला वाईट झालं एवढंच नाही. गाडीच्या कण्यातला एक मणका गेला.

माझी पहिली बस मी रंग बघून घेतली होती. निळी-पांढरी, आरशासारखी. घरी आणल्यावर आठवडाभरानं एक चाक बसलं म्हणून जॅक लावला. दांडा फिरवतोय, फिरवतोय, गाडी तसूभर हलेना. वाकून बघतो तर जॅक वर गेला होता, गाडी नव्हती. उंबरठ्याच्या पत्र्यातून जॅक सरळ आत. त्या भोकातून मी काय काय बाहेर काढलं? वर्तमानपत्राचे बोळे, पत्र्याची जाळी आणि त्यावर बोटभर जाड लांबी, म्हणजे रंगाआधी खड्डे बुजवायला लावतात ती पुट्टी. बोळे सोडवून वाचत बसलो. तारीख होती गाडी विकायला काढण्याच्या तीन आठवडे आधीची.

म्हणून नव्या रंगापेक्षा मला तुमच्या पत्रातला नवा गालिचा जास्त टोचला. विकायच्या गाडीत नवा गालिचा घालण्याचं प्रेमळ कारण मला तरी आजवर सापडलेलं नाही.

तर पुन्हा जा. अंगावर जुने कपडे, हातात बॅटरी, एक जुनी चादर, जाड स्क्रू-ड्रायव्हर आणि रुमालात गुंडाळलेलं लोहचुंबक. रुमाल अशासाठी की रंगावर ओरखडा आला म्हणून भांडण नको. जमलं तर पाऊस पडून गेल्यावर जा. ओल कुठे साचते ते गाडी स्वतः दाखवते.

गृहस्थांना सांगा, गालिचा उचलायचाय. पुढे ड्रायव्हरच्या पायाखाली, पेडलांभोवती आणि चाकाच्या कमानी जिथे फरशीला भेटतात तिथे बघा. मग चादर टाकून खाली झोपा. उंबरठा एका पत्र्याचा नसतो. बाहेरचा, मधला आणि आतला असे तीन थर असतात, आणि बाहेरचा नवा घालून आतले दोन कुजके ठेवणं ही डेंटिंगवाल्यांची जुनी खोड. बाहेरून चुंबक चिकटलं म्हणजे पास झालं असं नाही; खालून, आतल्या बाजूनं स्क्रू-ड्रायव्हरच्या मुठीनं ठोकत जा. चांगला पत्रा टण वाजतो. कुजका थप वाजतो. एकदा ऐकलात की विसरणार नाही. मग मधल्या दांड्यांपासून उंबरठ्याकडे जाणाऱ्या आडव्या पट्ट्या आणि जॅक लावायच्या जागा बघा. तिथे जाड डांबरी काळा रंग नुकताच मारलेला दिसला तर मी काय म्हणणार ते तुम्हाला कळलंच असेल.

वर या. पुढच्या काचेचे खालचे दोन कोपरे दाबून बघा. रबर कडक झालं की पाणी त्याच्या खाली बसतं आणि पत्रा आतून खातं. छताभोवतीची पन्हाळ बोटानं चाचपा. दरवाज्यांच्या खालच्या कडेला पाणी निघून जाण्यासाठी भोकं असतात, ती लांबी भरून बुजवली असतील तर दार आतून हौद झालंय. सरकतं दार उघडून बंद करा. ते मधेच अडखळत असेल, किंवा दार आणि बॉडी यांतली फट वर एक आणि खाली एक असेल, तर गाडी मधे बसली असण्याचा संशय घ्या. आणि शेवटी इंजिनाच्या खणात बॅटरीखालचा पत्रा. तिथे ॲसिड सांडून सांडून बहुतेक बसना भोक पडलेलंच असतं. तेवढ्यावरून गाडी नाकारू नका. ते एका दुपारचं काम आहे.

वरवर फोड आलेत, चाकाच्या कमानीची कड गेली, दाराचा तळ गेला, एवढं असेल तर घ्या. एका बाजूचा उंबरठा पूर्ण गेलाय आणि दांडे टणटणीत आहेत, तरी घ्या, पण भाव खाली आणून. दांडे गेलेत, दोन्ही उंबरठे गेलेत आणि दार लागत नाही, तर नाही. कितीही गोड दिसली तरी नाही. आणि गृहस्थ गालिचाच उचलू देत नसतील तर त्यांनी उत्तर दिलंय असं समजा.

इंजिनाचं थोडक्यात. 1973 ला दोन प्रकारची इंजिनं येत: 1600 सीसीचं, ज्याच्यावर पंख्याचं उभं डबडं असतं, आणि 1700 सीसीचं, चपटं, ज्याचा पंखा मागे क्रँकच्या, म्हणजे इंजिनातल्या मुख्य फिरत्या दांड्याच्या, टोकालाच असतो. दोन्ही हवेनं थंड होणारी, रेडिएटर नाही. 'नुकतंच बांधलंय' म्हणजे काय काय घातलं, याची बिलं मागा. बिलं नसतील तर नुसतं धुतलंय असं धरून चाला. जायच्या आधी सांगून ठेवा की मी येईपर्यंत इंजिन चालू करू नका, आणि गेल्यावर हात लावून थंड आहे का बघा. गरम इंजिन कुणीही चालू करून दाखवतं.

1600 चं असेल तर एक परीक्षा स्वतः करा. इंजिन बंद असताना क्रँकची पुली (त्याच्या टोकावरचं पट्ट्याचं चाक) दोन्ही हातांनी घट्ट धरा, आपल्याकडे ओढा, मग आत ढकला. ही मोकळीक 0.07 ते 0.13 मिलिमीटर असायला हवी, 0.15 ला ते इंजिन संपलं. म्हणजे हाताला जवळपास काही जाणवू नये. टक-टक असं ठळक लागलं तर बांधलेलं इंजिन पुन्हा बांधावं लागणार. मग इंजिनाच्या भोवतीचे पत्रे आणि कडेची रबरपट्टी बघा. पुष्कळ जण ती 'फालतू' म्हणून काढून टाकतात. तिच्यामुळे खालची तापलेली हवा वर येत नाही. ती नसली की पंखा तीच गरम हवा पुन्हा इंजिनावर मारतो आणि इंजिन स्वतःच्याच वाफेत शिजतं.

इंजिन खराब निघालं तरी मी घाबरत नाही. ते गिअरबॉक्सला चार ठिकाणी बोल्टांनी धरलेलं असतं, मागे एक आडवा आधार असतो. ट्रॉली-जॅक असेल तर दोन माणसं एका सकाळी खाली उतरवतात. स्कूटर खोललेल्या बाईला अवघड नाही.

समजा, घेतली. घरी आली. आता ऐका, कारण इथे माणसं चुकतात आणि मीही चुकलोय.

पहिल्या दिवशी एकच काम: पेट्रोलच्या सगळ्या रबरी नळ्या फेकून नव्या घाला, नव्या क्लिपांसकट. टाकीपासून कार्बोरेटरपर्यंत एकही जुनी ठेवू नका. इंजिनाच्या खणात कुणी प्लॅस्टिकचा फिल्टर लोंबकळत ठेवला असेल तर तो तिथून काढून टाकीजवळ न्या. या गाड्या जळतात त्या बहुतेक अशाच: वाळलेल्या नळीला चीर, खाली तापलेलं इंजिन. आणि 1600 च्या इंजिनाचं मधलं आवरण मॅग्नेशियमच्या मिश्रधातूचं आहे. ते एकदा पेटलं की पाणी मारून विझत नाही, उलट भडकतं. अग्निशामक सिलिंडर ड्रायव्हरच्या हाताशी बसवा, मागे सामानाखाली नको.

दुसरं, हीटरचे डबे. एक्झॉस्टच्या गरम नळ्यांभोवती हवा फिरवून ती आत सोडायची अशी यांची पद्धत आहे. आतला पत्रा गंजून भोक पडलं की धूर हवेबरोबर आत येतो आणि त्यातल्या कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो. डबे तपासून होईपर्यंत हीटर लावू नका. थंडी वाजली तर स्वेटर घाला.

मग ब्रेक. नळ्या, सिलिंडर, तेल, सगळं. मग टायर, नक्षी चांगली दिसली तरी बाजूच्या भिंतीवर बनल्याचा आठवडा आणि साल कोरलेलं असतं ते वाचा. टायर वापरून जितके जातात तितकेच नुसते उभे राहूनही जातात.

एवढं झालं की गाडी हळूहळू चालवा. हो, रंग-पत्रा काही न करता. दोन-तीन महिने जवळपास फिरवा. कुठून आवाज येतो, स्टिअरिंग कुठे ढिलं आहे, पाणी कुठे गळतं, याची एक वही करा. या वहीचा पुढे इतका उपयोग होतो की काय सांगू. चालती गाडी माणसाला धरून ठेवते. माझ्या दुसऱ्या बसच्या वेळी मी उत्साहात एका सुट्टीत अख्खी गाडी खोलली. प्रत्येक स्क्रू बिस्किटाच्या डब्यांत. डब्यांवर चिठ्ठ्या लावल्या: 'दार', 'सीट', 'इतर'. सव्वा वर्षानं परत हात घातला तेव्हा 'इतर'चे चार डबे होते आणि 'दार' म्हणजे कुठलं दार ते मलाच ठाऊक नव्हतं. शेजारी येऊन विचारायचे, गाडी केव्हा होणार? मी म्हणायचो, इतर राहिलंय.

तेव्हा एका वेळी एकच भाग उघडा, तो पुरा करा, बंद करा. खोलायच्या आधी फोटो, खोलताना फोटो. प्रत्येक बोल्ट छोट्या पिशवीत, पिशवीवर 'डावं पुढचं दार, वरची बिजागरी, 4 बोल्ट' इतकं सविस्तर. जुना भाग नवा येईपर्यंत टाकू नका. नवा भाग बसेलच असं नसतं, आणि मग जुना समोर ठेवूनच घासावं लागतं.

पत्र्याचं काम बाहेर द्या, असं माझं मत. वेल्डिंग शिकता येतं, पण उंबरठ्यावर शिकू नये. देताना दोन अटी घाला. उंबरठा कापण्याआधी दारांच्या चौकटीत आडवे-तिरपे लोखंडी आधार जोडायचे, आणि एका वेळी एकच बाजू कापायची. नाहीतर गाडी मधे झोळीसारखी वाकते आणि नवा पत्रा त्या वाकलेल्या आकारातच जोडला जातो. मग दारं आयुष्यभर लागत नाहीत. वेल्डिंगच्या आधी बॅटरी सोडवा, पेट्रोलची टाकी उतरवा, गालिचा तर तुम्ही काढलेलाच असेल. जोड झाल्यावर पोकळ जागांत आतून मेण मारून घ्या. बाहेरच्या रंगापेक्षा तेच गाडी जास्त वर्षं राखतं.

आणि रंग सगळ्यात शेवटी. हे मी ठासून सांगतोय, कारण माझी तिसरी बस एका गॅरेजनं आधी सुंदर रंगवून दिली आणि मग 'एवढं जरा राहिलं होतं' म्हणून मागची पट्टी वेल्ड केली. ठिणग्यांचे ठिपके अजून आहेत. पाहुण्यांना मी नक्षी म्हणून सांगतो. सीटा, पडदे, दिवे यांबद्दल मी काही सांगत नाही, ते तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं कळेल. फक्त सीटबेल्ट सगळ्या सीटांना, आणि त्याचे बोल्ट मजबुती दिलेल्या पत्र्यात.

वेळ किती लागेल? तुम्ही नोकरी करून, रविवारी हात लावणार. पत्रा बरा निघाला तर चालवण्याजोगी चार-सहा महिन्यांत, मनासारखी दोन वर्षांत. पत्रा वाईट निघाला तर या आकड्यांना अर्थ नाही. पैशाचं गणित मी असं करतो: गाडीच्या किमतीइतकेच पैसे बाजूला आहेत का? असतील तर घ्यायची, नसतील तर स्वस्त मिळतेय म्हणून घ्यायची नाही. स्वस्त मिनीबस सगळ्यात महाग पडते. आणि त्या बाजूच्या पैशातला पहिला खर्च गाडीवर नाही, छपरावर. उघड्यावर ठेवून ती दुरुस्त करणं म्हणजे गळक्या घागरीत पाणी भरणं. प्लॅस्टिकचा कागद घट्ट गुंडाळून ठेवू नका. आत घाम धरतो आणि उघड्यावर जितकी गंजली असती त्याहून लवकर गंजते. चार खांब, वर पत्रे, खाली सिमेंटची कोरडी फरशी आणि बाजूंनी वारा. आधी हे उभारा, मग गाडी आणा. छप्पर उभारून गाडी नाहीच घेतली तर कपडे वाळतील.

यजमानांबद्दल. 'मला त्यात ओढू नकोस' म्हणणारा माणूस 'घे' पण म्हणालाय, हे मी दोनदा वाचलं. ओढू नका. पण घेण्याआधी त्यांना अशीच एखादी चालती बस चालवायला, निदान बसायला न्या. कारण ही गाडी सगळ्यांना आवडत नाही आणि त्यात त्यांचं काही चुकत नाही. 1600 च्या इंजिनाला 50 अश्वशक्ती, तीही नवं असताना. चढावर ट्रक मागून हॉर्न देतात. ड्रायव्हरचे पाय पुढच्या चाकांच्याही पुढे असतात, समोर पत्र्याशिवाय काही नाही, तेव्हा पुढच्या गाडीपासून अंतर ठेवून चालवावं लागतं. आडवा वारा आला की बस रस्ता सोडून बाजूला सरकू बघते. मूळची कल्पना बेन पॉन नावाच्या डच विक्रेत्यानं 1947 मध्ये वहीत काढलेलं एक चित्र होतं, चाकांवर ठेवलेलं पावाच्या लादीसारखं खोकं. पहिला नमुना वाऱ्याच्या बोगद्यात ठेवला तेव्हा हवेचा अडसर दाखवणारा आकडा 0.75 भरला, नाक गोल करून तो 0.44 वर आणला आणि मार्च 1950 मध्ये गाडी बनायला लागली, 25 अश्वशक्तीची. म्हणजे तुमची त्या मानानं दुप्पट ताकदीची आहे, हे यजमानांना सांगून बघा. हसले तर बरं.

1600 चं इंजिन असेल तर त्यात तेल अडीच लिटर बसतं आणि कागदी फिल्टर नसतो, नुसती जाळी असते. म्हणून दर 5,000 किलोमीटरला तेल बदलायचं आणि त्याच वेळी, इंजिन रात्रभर थंड झाल्यावर, व्हॉल्व्हची फट 0.15 मिलिमीटरला लावायची. हे काम सकाळी अर्ध्या-पाऊण तासाचं आहे आणि ते दुसऱ्याला देऊ नका. ही गाडी तुम्हाला जमेल की नाही हे त्या पाऊण तासात कळतं. ज्यांना ते कंटाळवाणं वाटतं, त्यांची बस दोन वर्षांत पुन्हा विकायला निघते. नव्या गालिच्यासकट.

तर येत्या रविवारी जाऊन या. मला तीन फोटो पाठवा: ठोकलेला चासी नंबर आणि शेजारी कागद, एम-प्लेट, आणि ड्रायव्हरच्या बाजूच्या पुढच्या चाकामागचा उंबरठा, खालून काढलेला. स्क्रू-ड्रायव्हरनं खरवडल्यावर काय पडलं ते कागदावर घेऊन त्याचाही फोटो काढा. तांबडी पूड पडली तर चालेल. बिस्किटासारखे पापुद्रे पडले तर भावाचं बोलू. पांढरट गुलाबी भुकटी पडली तर ती लांबी आहे, मग तिथेच थोडं आणखी खरवडा, आत वर्तमानपत्र लागतंय का बघा, आणि लागलं तर तारीख वाचा.